नेपिअर पुलावरचा सेल्फी आणि रिपन बिल्डिंगसमोरचा फुटपाथ

जुलै २०२२ मध्ये चेन्नईतल्या नेपिअर पुलावर उभं राहून मी एक सेल्फी काढला आणि घरच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर टाकला. कूवम नदी जिथं समुद्राला मिळते तिथला हा जुना पूल. बुद्धिबळ ऑलिंपियाडसाठी तो रस्त्यासकट काळ्या-पांढऱ्या चौकोनांनी रंगवला होता आणि अख्खं शहर तिथं फोटो काढायला लोटलं होतं. मीही गेलो. लातूर जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या गावातून आलेला, घरातला पहिला पदवीधर, जगाचे पाहुणे येणाऱ्या शहरात नोकरी करतो, हे गावाकडं कळायला नको का?

अंगठे, फुलं, जय भीम असं सगळं आलं. अण्णांना, म्हणजे माझ्या वडिलांना, टाइप करता येत नाही. त्यांचा आवाज आला, "एवढे चौकोन कोणी आखले रे? दोरी धरायला किती माणसं होती?"

अण्णा नगरपरिषदेत सफाई कामगार होते. पंधरा ऑगस्टच्या संचलनाला, आमदाराच्या वाढदिवसाच्या क्रिकेट स्पर्धेला मैदानावर पांढरी फक्की मारायचं काम त्यांच्याकडं असायचं. मी हसलो आणि फोन खिशात टाकला. त्या प्रश्नाचं उत्तर शोधायला मला तीन वर्षं लागली.

आधी ऑलिंपियाडबद्दल. ही स्पर्धा मुळात रशियात होणार होती. फेब्रुवारी २०२२ मध्ये रशियानं युक्रेनवर हल्ला केला आणि जागतिक बुद्धिबळ महासंघानं यजमानपद काढून घेतलं. मार्चमध्ये ते चेन्नईला मिळालं. राज्य सरकारनं सुमारे ९२ कोटी रुपये बाजूला काढले आणि जेमतेम चार महिन्यांत सगळं उभं केलं. १८० हून जास्त देशांचे खेळाडू आले. 'तंबी' नावाचा, वेष्टी नेसून हात जोडलेला घोडा शहरभर उभा राहिला. तंबी म्हणजे धाकटा भाऊ. आयोजन उत्तम झालं, यात खोट काढायचं कारण नाही.

पण त्याच दिवसांत, त्याच शहरात महासंघाच्या अध्यक्षपदाची निवडणूक झाली, ती किती जणांच्या लक्षात आहे? ७ ऑगस्टला अर्कादी द्वोर्कोविच पुन्हा निवडून आले. हे २०१२ ते २०१८ रशियाचे उपपंतप्रधान होते आणि रशियातल्या २०१८ च्या फुटबॉल विश्वचषकाच्या आयोजनाची सूत्रंही त्यांच्याकडं होती. (युद्धाबद्दल नाराजी दाखवल्यामुळं मायदेशात त्यांच्यावर टीका झाली, हेही सांगायला हवं.) समोर युक्रेनचा ग्रँडमास्टर उभा होता. मतं पडली १५७ विरुद्ध १६. रशियाचा संघ पटावर नव्हता, पण रशियाचा माजी उपपंतप्रधान खुर्चीवर होता. दोनच दिवसांनी महिला गटाचं सुवर्ण युक्रेनच्या मुलींनी जिंकलं.

खेळाच्या यजमानपदानं किंवा प्रायोजकत्वानं डागाळलेली प्रतिमा धुऊन घेणं, याला जगात स्पोर्ट्सवॉशिंग म्हणतात. हा शब्द निघाला की आपल्या डोळ्यांपुढं कतार, सौदी, पुतिन येतात. म्हणजे दुसरेच कोणीतरी. सौदीच्या तेल कंपनीचं नाव आपल्या आयपीएलच्या केशरी टोपीवरही झळकलं, पण टोपी कोणाच्या डोक्यावर आहे हेच आपण बघतो.

चेन्नईत तर भांडण थेट फोटोवरच झालं. ऑलिंपियाडच्या जाहिरातींवर मुख्यमंत्री स्टालिन होते, पंतप्रधान मोदी नव्हते. भाजपच्या लोकांनी रातोरात होर्डिंगांवर मोदींचे फोटो चिकटवले, विरोधकांनी त्यांना काळं फासलं. प्रकरण मद्रास उच्च न्यायालयात गेलं आणि राष्ट्रपती व पंतप्रधान यांचे फोटो जाहिरातींत असले पाहिजेत, असा आदेश निघाला. २८ जुलैला जवाहरलाल नेहरू इनडोअर स्टेडियममध्ये दोघंही एका मंचावर बसले. प्रतिमा कोणाची, यावर एवढी मारामारी. प्रतिमेच्या मागं काय आहे, यावर कोणी कोर्टात गेलं नाही.

मागं काय होतं, ते सांगतो. स्पर्धा प्रत्यक्षात झाली महाबलीपुरमजवळच्या पूंजेरीत, एका पंचतारांकित हॉटेलात. पूंजेरीत नरिकुरवर आणि इरुळर समाजाच्या वस्त्या आहेत. ऑक्टोबर २०२१ मध्ये याच नरिकुरवर वस्तीतल्या एका बाईला महाबलीपुरमच्या मंदिरातल्या अन्नदानाच्या पंगतीतून उठवलं होतं. तिनं ते कॅमेऱ्यासमोर खणखणीत सांगितलं आणि व्हिडिओ राज्यभर फिरला. मग मंत्री आले, तिच्या शेजारी बसून जेवले. ४ नोव्हेंबरला, ऐन दिवाळीत, स्वतः मुख्यमंत्री पूंजेरीला गेले आणि त्यांनी घरजागेचे पट्टे, जातीचे दाखले वाटले. त्याच आठवड्यात इरुळरांवरच्या पोलिसी अत्याचाराचा 'जय भीम' हा सिनेमा आला होता.

आपल्याकडच्या वाचकांनी नरिकुरवर म्हणजे आपले पारधी समजावेत. इंग्रजांनी गुन्हेगार ठरवलेल्या, शिकार बंद झाल्यावर मणी-माळा विकणाऱ्या भटक्या जमातींपैकी ही एक. त्यांची वागरी बोली तमिळ कुळातली नाही, ती गुजराती-मराठीच्या घरातली आहे. महाबलीपुरमच्या बसस्टँडवर दोन बाया आपसात बोलताना मी ऐकल्या आणि दोन-तीन शब्द ओळखीचे लागले तेव्हा अंगावर काटा आला होता. त्यांना अनुसूचित जमातीचा दर्जा द्यायचं विधेयक संसदेनं मंजूर केलं ते २०२२ च्या डिसेंबरात.

मुख्यमंत्री गेले, पट्टे वाटले, हे वाईट केलं का? नाही. महाराष्ट्रात पारध्याच्या पालावर दिवाळीला जाऊन बसलेला मुख्यमंत्री मला दाखवा. पण नऊ महिन्यांनी जग पूंजेरीत आलं तेव्हा पूंजेरीचा अर्थ बदलला होता. गावाचं नाव शोधलं की पंगतीतून उठवलेली बाई येत नव्हती, बुद्धिबळ येत होतं. ही जादू कशी होते हे मला पुस्तकातून कळलेलं नाही. ती मी लहानपणी आमच्या गावच्या मैदानावर पाहिली आहे.

मी आठवीत असताना १४ एप्रिलच्या मिरवणुकीवर आमच्या गावात दगडफेक झाली. चार जणांची डोकी फुटली, माझ्या चुलत्याचा हात मोडला. अ‍ॅट्रॉसिटीची केस लागली. आरोपींत गावातल्या एका वजनदार घराण्याची दोन पोरं होती. पुढच्या हिवाळ्यात त्याच घराण्यानं टेनिस बॉल क्रिकेटची स्पर्धा भरवली. नावातच सद्भावना होती. प्रत्येक वस्तीचा संघ, प्रवेश फी माफ, आणि आमच्या वस्तीच्या संघाला बॅट-पॅडचं किट खास फुकट. अंगावर पिवळे टी-शर्ट, छातीवर घराण्याच्या कर्त्या पुरुषाचा हात जोडलेला फोटो. माझा मोठा भाऊ त्यात खेळला. कॅप्टन होता हात मोडलेल्या चुलत्याचा पोरगा. मैदानावर फक्की मारली अण्णांनी, ड्यूटीच होती ती.

आमचा संघ सेमीफायनलपर्यंत गेला. वस्तीत तीन दिवस नुसता जल्लोष. मीही गळा फाडून ओरडलो, खोटं कशाला सांगू. बक्षीस समारंभात त्या कर्त्या पुरुषानं आमच्या कॅप्टनच्या खांद्यावर हात ठेवला आणि पेपरात फोटो आला. केस उभी राहिली तोवर दोन साक्षीदार फितूर झाले होते. दोघांचीही पोरं त्या संघात होती. धमकी कोणी दिली नव्हती. "आता कशाला वाढवायचं, पोरांना खेळवतायत ते," एवढंच म्हणणं. आरोपी निर्दोष सुटले.

माय तो टी-शर्ट फरशी पुसायला वापरायची. फोटो काही केल्या जात नव्हता, रंग पक्का होता.

म्हणून स्पोर्ट्सवॉशिंग परदेशी पाहुण्यांना फसवण्यासाठी असतं, हे मला पटत नाही. पाहुणे दोन आठवडे राहून जातात. आमच्या गावच्या स्पर्धेला बाहेरचं कोणी आलंच नव्हतं. ती भरवली होती आमच्यासाठी. ज्याच्यावर अन्याय झाला त्याला संघात घ्यायचं, अंगावर टी-शर्ट चढवायचा, टाळ्या वाजवायला लावायच्या. मग तोंड उघडायची त्याची त्यालाच लाज वाटते. उपकार विसरला म्हणतील. खेळाचा आनंद खरा असतो, म्हणूनच हे काम करतं. खोट्या आनंदानं कोणी गप्प बसत नाही.

आणि आज ते चढवायला सगळ्यात सोपे आपण आहोत, पहिल्या पिढीचे पदवीधर. आपल्याला शहरानं नुकतंच आत घेतलं आहे. त्याच्या पुलावर उभं राहून फोटो काढताना आपण आपलं पोचणं साजरं करत असतो. त्या शहरावर प्रश्न विचारणं म्हणजे स्वतःच्या पोचण्यावर शंका घेतल्यासारखं वाटतं. मे २०२२ मध्ये, म्हणजे ऑलिंपियादच्या तयारीच्या काळात, चेन्नईच्या गोविंदसामी नगरात बकिंगहॅम कालव्याकाठची घरं पाडली गेली आणि एका वृद्धानं स्वतःला पेटवून घेऊन जीव दिला. ऑलिंपियाडसाठी ती घरं पाडली असं मी म्हणत नाही, तो सर्वोच्च न्यायालयाच्या आदेशाचा वेगळा मामला होता. मी एवढंच म्हणतो, की ती बातमी मी वाचली होती आणि पुलावरच्या गर्दीत ती मला एकदाही आठवली नाही.

तमिळनाडूत हे आणखी अवघड आहे, कारण इथलं सरकार पेरियारांचं नाव घेतं. महाराष्ट्रातून आलेल्या आंबेडकरी पोराला हे राज्य पहिल्यांदा बघताना हेवा वाटतो. शाळेत नाश्ता, बसमध्ये बायकांना मोफत प्रवास, ६९ टक्के आरक्षण. त्याच राज्यात डिसेंबर २०२२ मध्ये वेंगैवयलला दलितांच्या पाण्याच्या टाकीत मानवी विष्ठा टाकली गेली, आणि दोन वर्षांनी आरोपपत्र आलं तेव्हा त्यात त्याच वस्तीतल्या तिघांची नावं होती. सामाजिक न्याय ही प्रतिमा झाली की तीही धुऊन वाळत घालावी लागते.

ऑलिंपियाडनंतर आशियाई हॉकी झाली, खेलो इंडिया झालं. ऑगस्ट २०२४ अखेर भर शहरात रात्रीची फॉर्म्युला ४ शर्यत झाली, साडेतीन किलोमीटरच्या वळसेदार रस्त्यावर. ती आधी डिसेंबर २०२३ मध्ये व्हायची होती, पण मिचाँग चक्रीवादळानं शहर बुडवलं आणि पुढं ढकलावी लागली. चेन्नई ही खेळाची राजधानी, असं आता सगळे म्हणतात.

१ ऑगस्ट २०२५ पासून रिपन बिल्डिंगसमोरच्या, म्हणजे महापालिकेसमोरच्या फुटपाथवर सफाई कामगार बसले. रायपुरम आणि तिरु वि. क. नगर या दोन विभागांची सफाई खासगी कंपनीला दिली होती. वर्षानुवर्षं महापालिकेकडं राबलेल्यांना आता ठेकेदाराचे नोकर व्हायचं होतं, आणि पगार निम्म्याच्या आसपास येईल अशी त्यांना धास्ती होती. बहुतेक बाया, बहुतेक दलित. रिपन बिल्डिंगच्या मागंच नेहरू स्टेडियम आहे. तेच, जिथं तीन वर्षांपूर्वी दोन नेते एका मंचावर बसले होते.

मी एका रविवारी गेलो. जरा वेळ लांबच उभा राहिलो, हेही सांगतो. मग एका अक्कांनी सतरंजीवर जागा करून दिली. माझ्या मोडक्या तमिळवरून त्यांनी विचारलं, कुठला? महाराष्ट्र म्हटल्यावर म्हणाल्या, "आंबेडकरांच्या गावचा." मी माझे वडीलही हेच काम करायचे म्हणून सांगितलं, तर त्यांनी माझ्या बुटांकडं पाहिलं आणि हसल्या. चांगलं हसू होतं ते. बोलता बोलता मी नेपिअर पुलाचा विषय काढला. त्या म्हणाल्या, गर्दी हटली की रात्री आमच्या लोकांना तिथला कचरा उचलायला लावायचे, चौकोन पायाखाली घाण होऊ नयेत म्हणून. अण्णांच्या प्रश्नाचं निम्मं उत्तर मला तिथं मिळालं.

१३ ऑगस्टच्या मध्यरात्री, उच्च न्यायालयाच्या आदेशाचा हवाला देऊन पोलिसांनी त्यांना उचललं. दुसऱ्याच दिवशी मंत्रिमंडळानं सफाई कामगारांसाठी मोफत नाश्ता, विमा आणि आणखी काही योजना जाहीर केल्या. माय त्या टी-शर्टकडं ज्या नजरेनं बघायची, ती मला आठवली.

हा खेळ आपल्या इतिहासातही आहे. पळवणकर बाळू हे आपले पहिले मोठे क्रिकेटपटू. चांभार घरातले, सुरुवातीला पुण्यात मैदानाची निगा राखण्याचं काम केलेले. १९११ च्या इंग्लंड दौऱ्यात त्यांनी शंभरावर बळी घेतले, तरी हिंदू संघाचं कप्तानपद त्यांना मिळालं नाही. तरुण बाबासाहेबांना त्यांचा केवढा अभिमान होता. आणि १९३७ ला मुंबईत बाबासाहेबांसमोर काँग्रेसनं उभं कोणाला केलं? बाळूंनाच. ज्यांना कप्तानपद नाकारलं त्यांच्या नावाची झळाळी मात्र चालली. बाबासाहेब जिंकले, थोडक्या मतांनी. बाळूंना दोष द्यायला माझी जीभ रेटत नाही. टी-शर्ट घालणाऱ्या माझ्या भावालाही मी कधी दिला नाही.

आता कोणी म्हणेल, मग स्पर्धा भरवूच नयेत का? सावध राहायला हवं ते इथं. ९२ कोटी वाया घालवले म्हणून ओरडणाऱ्यांत असे कितीतरी होते, ज्यांना मोटेराचं स्टेडियम मात्र राष्ट्राची शान वाटतं. फेब्रुवारी २०२० मध्ये ट्रम्प मोटेराला येणार म्हणून अहमदाबादेत वाटेवरच्या झोपडपट्टीसमोर भिंत बांधली तेव्हा त्यांना खर्च दिसला नाही. २०३० चे राष्ट्रकुल खेळ त्याच शहरात आहेत. द्रविड सरकारची उधळपट्टी आणि गुजरातचा विकास, हा सवर्ण हिशेब आपला नाही.

नाही म्हणायचे प्रकारही घडलेत. एप्रिल २०१६ मध्ये आमच्या लातूरला रेल्वेनं पाणी येत होतं आणि राज्यात आयपीएलच्या मैदानांवर पाणी मारलं जात होतं. मुंबई उच्च न्यायालयानं ३० एप्रिलनंतरचे सामने महाराष्ट्राबाहेर न्यायला लावले. २०१८ ला कावेरीसाठी आंदोलन करणाऱ्या तमिळ लोकांनी सांगितलं, पाण्याचा प्रश्न पेटलेला असताना चेपॉकवर तमाशा नको. चेन्नई सुपर किंग्जला आपले घरचे सामने पुण्याजवळ गहुंजेला हलवावे लागले. क्रिकेटवेड्या शहरानं धोनीला सोडलं, पण गप्प बसायला नकार दिला. (मग पवना धरणाचं पाणी गहुंजेच्या मैदानाला द्यायचं का, यावर मुंबई उच्च न्यायालयात वाद झाला. पाणी काही पाठ सोडत नाही.)

आणि खेळ हवाच आहे, तो आपल्याच पोरांना हवा आहे. माझं ऑफिस ओएमआरवर, तोरैपाक्कमजवळ. शेजारी कण्णगी नगर. २००० सालापासून शहरातल्या नदी-कालव्याकाठच्या वस्त्या उठवून लोकांना इथं आणून टाकलं, २३ हजारांहून जास्त घरं. पत्ता सांगितला की नोकरी नाही म्हणणारे आजही भेटतात. २०२० मध्ये तिथल्या इमारतींवर मोठमोठी सुंदर चित्रं रंगवली, पर्यटक फोटो काढायला येऊ लागले. घरांत पाणी किती वेळ येतं, हे भिंतीवर लिहिलेलं नाही. त्याच कण्णगी नगरची कार्तिका ऑक्टोबर २०२५ मध्ये बहारीनला युवा आशियाई स्पर्धेत कबड्डीचं सुवर्ण जिंकलेल्या भारतीय संघात होती. मुख्यमंत्र्यांनी २५ लाख दिले, बरं केलं. बातमी ऐकून मी ऑफिसात टेबलावर हात आपटला. पण तिच्यासारख्या पोरी पुलावरच्या चौकोनांतून येत नाहीत. त्यांना वस्तीत मैदान लागतं, रात्री दिवा लागतो, शिकवणारा लागतो.

मागच्या महिन्यात कंपनीचा मेल आला. चेपॉकवरच्या सामन्याचे पास, नावं टाका, सोडत काढू. खाली बारीक अक्षरात, फक्त कायम कर्मचाऱ्यांसाठी. आमच्या मजल्याची साफसफाई करणाऱ्या अक्का कण्णगी नगरच्या आहेत आणि ठेकेदाराकडं आहेत. मी उलट मेल टाकला, त्यांची नावं घालता येतील का? धोरणात बसत नाही, असं उत्तर आलं. मी अक्कांना सांगितलं, थोडा शरमूनच.

त्या पुसत पुसत थांबल्या. त्यांची धाकटी पोरगी कबड्डी खेळते, हे मला तेव्हा कळलं. म्हणाल्या, "पास राहू द्या तंबी. बिल्डिंगच्या मागं ते हिरवळीचं मैदान आहे ना, संध्याकाळी ते कोण वापरतं?"